चौथा थांबा

रस्ता ओलांडताना धावायचं नाही, मी सांगते,
मध्येच थांबायचंही नाही.
स्कूटरी तुम्हाला आपणहून चुकवतील.
हे वाक्य कंपनीने पाठ करून घेतलंय.
मला स्वतःला अजून भीती वाटते.

आज नऊ जण.
एकाला शेंगदाणे चालत नाहीत, एकीला डुक्कर,
आणि सगळ्यात मागे एक उंच माणूस,
जो प्रत्येक वाटीचे आधी फोटो काढतो
आणि मग विचारतो, हे गार का?

पहिल्या थांब्यावर फो.
दुसऱ्यावर उभ्याउभ्या पाव,
आत मिरची, कोथिंबीर, काकडीची लांब फोड.
पाव फ्रेंचांनी आणला, हे मोठ्याने सांगते,
आम्ही तो सुधारला, हे जरा हळू,
कारण आज गटात ल्यों शहराचं एक जोडपं आहे.
तिसऱ्यावर अंड्याची कॉफी. सगळ्यांना आवडते. नेहमीच.

चौथा थांबा लुआ मावशीचा.
उकळत्या पातेल्यावर ताणलेलं कापड,
त्यावर तांदळाच्या पिठाची एक पळी,
झाकण. दोन श्वास.
मग बांबूची काडी खालून सरकवून
ती अख्खी पोळी उचलते,
इतकी पातळ
की पलीकडची रहदारी दिसावी.

तिथे आज मावशी नव्हती.
फुटपाथ होता.
धुतलेला, रिकामा,
कडेने पिवळ्या रंगाची ओली रेघ
आणि रेघेच्या आत कोळशाचा एक डाग,
जो धुऊनही गेला नव्हता.

शेजारच्या चहावाल्याने हनुवटीनेच सांगितलं :
ट्रक आला होता. सकाळी.
चौदा स्टुलं नेली. निळीसुद्धा.

नऊ जण माझ्याकडे बघतात.
पत्रकात सात थांबे छापलेत,
सातांचे पैसे घेतलेत.

मी म्हटलं, बसा.
आणि ते बसले, त्या डागाभोवती,
गुडघे कुठे ठेवावेत ते न कळून.
मी हवेत कापड ताणलं.
हवेत पळी ओतली, गोल फिरवली,
झाकण ठेवलं, दोन श्वास मोजले,
काडी सरकवली.
हात चुकला नाही कुठेच.
या जागी मी दोन वर्षं वाट्या विसळल्यात,
इंग्रजी यायच्या आधी.
हे कुठल्याच गटाला सांगितलेलं नाही.

ल्यों शहराच्या बाईने टाळ्या वाजवल्या.
मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

तेवढ्यात बाही ओढली कुणीतरी.
मावशीचा भाचा, दहा वर्षांचा, तोंडात बर्फ.
चल, म्हणाला, बोलू नकोस.

बोळ एवढा अरुंद
की उंच माणसाला तिरकं चालावं लागलं.
वाळत घातलेल्या चड्ड्यांखालून,
दारातल्या कुत्र्याला ओलांडून,
एका जिन्याच्या पोटात
टांगलेल्या सायकलीखाली
वाफ.
आणि वाफेत मावशी.

"उशीर केलास," ती म्हणाली.
मी भाषांतर केलं : ती तुमचं स्वागत करतेय.
"स्टुलं नाहीत. उभे राहा म्हणावं,
आणि त्या ताडमाडाला सांग, डोकं सांभाळ, वर पेडल आहे."
मी भाषांतर केलं : तिला फार आनंद झालाय.

पोळ्या सुटत होत्या एकामागून एक,
काळ्या अळिंब्या, खिमा, वरून तळलेला कांदा,
डुक्कर न खाणारीला नुसतीच, पण दोन.
बुडवायला मासळीच्या आंबटगोड पाण्याची
सगळ्यांत मिळून एकच वाटी.
फोटोपुरता उजेड नव्हता.
उंच माणसाची जीभ भाजली.

पैसे मोजताना मी खालच्या आवाजात विचारलं,
उद्या?
मावशीने कापडावरचं पाणी निपटलं.
"उद्याचं उद्या. आधी या वाट्या कोण धुणार?"

मी गळ्यातलं ओळखपत्र पाठीवर टाकलं,
बाह्या वर केल्या, आणि नळाशी बसले.
नऊ जण दाटीवाटीने बघत राहिले.
त्यांना वाटलं, हेही टूरमध्येच असतं.
एकीने विचारलं, मीपण धुऊ का?
मी तिला जागा करून दिली.

पाचव्या थांब्यावरचं मोदकाएवढं आइस्क्रीम
तोवर विरघळलं होतं.